मामीने सांगितलेली नावं

माझ्या गाडीची किल्ली आजवर कितीतरी अनोळखी लोकांच्या फ्रिजमध्ये राहून आली आहे. दुधाच्या कॅनशेजारी, लोण्याच्या डब्यावर, एकदा तर अख्ख्या टर्कीच्या पोटाशी. कारण सांगते. मी डॉक्युमेंटरी फिल्मसाठी आवाज रेकॉर्ड करते. एखाद्याच्या स्वयंपाकघरात मुलाखत घ्यायची तर फ्रिजची घरघर बंद करावी लागते. ती बंद करून आपण विसरून निघून गेलो, तर त्या बिचाऱ्यांचं आठवड्याचं खाणं नासतं. म्हणून फ्रिज बंद करताना किल्ली आत ठेवायची. किल्लीशिवाय घरी जाता येत नाही, आणि किल्ली घ्यायला गेलं की फ्रिज चालू करायची आठवण होते. या धंद्यातली ही पहिली शिकवण.

बाकीचं कामही समजायला सोपं आहे. लांब काठीच्या टोकाला केसाळ टोपी घातलेला माइक असतो, त्याला बूम म्हणतात. तो बोलणाऱ्याच्या डोक्यावर, पण कॅमेऱ्यात दिसणार नाही असा धरून उभं राहायचं. शिवाय गव्हाच्या दाण्याएवढा एक माइक माणसाच्या कॉलरखाली लावायचा. कानाला हेडफोन. मग घड्याळ, एसी, शेजाऱ्याचं लॉनमोअर, सगळ्यांशी वैर. चर्चमधले ऑर्गन दुरुस्त करणाऱ्या एका आजोबांचं पोट इतकं गुरगुरायचं, की मी बॅगेत केळी ठेवायला लागले.

अमरावतीला मी शाळेत फिजिक्स शिकवत होते. नवऱ्याला, श्रीकांतला, इकडे अमेरिकेत गाड्यांच्या कंपनीत नोकरी लागली आणि आम्ही डेट्रॉईटजवळच्या ट्रॉयला आलो. मुली शाळेत जायला लागल्यावर मी इथल्या कम्युनिटी कॉलेजात ऑडिओचा कोर्स केला. तिथेच डेना भेटली, मला 'मॅडी' म्हणणारी. ती फिल्म बनवते, मी तिच्यासाठी ऐकते. बर्फ काढणारे ड्रायव्हर, मधमाश्या पाळणारे, असे बरेच लोक आम्ही दोघींनी मिळून पाहिले. पण मला लिहायचं आहे ते एकाच फिल्मबद्दल, कारण त्या फिल्मने माझ्या कानांबद्दलचा माझा गर्व उतरवला.

एके दिवशी डेनाचा फोन आला. "रोमा लोकांवर फिल्म करतेय. येशील?"

रोमा म्हणजे ज्यांना जग जिप्सी म्हणतं ते. हा शब्द त्यांच्यातल्या अनेकांना शिवीसारखा लागतो. इजिप्तहून आलेत अशा गैरसमजातून तो पडला. खरं तर त्यांचे पूर्वज हजारेक वर्षांपूर्वी उत्तर हिंदुस्थानातून निघाले, इराण, ग्रीस असं करत युरोपभर पसरले आणि बहुतेक ठिकाणी हाकलले गेले. अमेरिकेत त्यांची संख्या बरीच आहे, पण दिसत नाहीत, कारण बरेच जण विचारलं तर 'आम्ही ग्रीक', 'आम्ही हंगेरियन' असं सांगून मोकळे होतात.

"मी ब्राऊन आहे म्हणून मला नेतेयस का?" मी डेनाला विचारलं.

"थोडंसं," ती म्हणाली. डेना खोटं बोलत नाही, हा तिचा गुणही आहे आणि दोषही.

डेट्रॉईटच्या दक्षिणेला एका साध्या विटांच्या घरात आम्हाला एक कुटुंब भेटलं. म्हातारी आई, मुलगा स्टीव्ह, त्याची बायको. स्टीव्हचं गाड्यांचे डेंट काढायचं वर्कशॉप होतं. त्याचे आजोबा बेकऱ्यांच्या आणि हॉस्पिटलांच्या मोठ्या तांब्याच्या भांड्यांना कल्हई करत फिरायचे. हे ऐकून मी एकदम 'कल्हई!' म्हणून ओरडले आणि ती कशी करतात हे डेनाला हातवारे करून सांगत बसले. अमरावतीत आमच्या गल्लीत भाता घेऊन कल्हईवाला यायचा.

स्टीव्ह काही हसला नाही. मागे कुठल्याशा टीव्हीवाल्यांनी त्याच्या बहिणीच्या लग्नाचं शूटिंग करून नेलं होतं आणि असं कापलं होतं की बघणारे हसत सुटले. बहिणीने त्यानंतर वर्षभर दुकानात जाणं सोडलं. स्टीव्हची अट होती, की तो म्हणेल तिथे कॅमेरा बंद. डेनाने मान्य केलं. मग त्याने माझ्याकडे पाहिलं.

"तुम्ही इंडियाच्या ना? कॅमेरा घेऊन येणारा प्रत्येक माणूस आम्हाला सांगतो, तुम्ही इंडियाचे. हजार वर्षांत तुमच्याकडून कुणी चौकशीला आलं होतं का?"

मी माझ्या वायरी सोडवत बसले.

त्याची बायको कॉफी घेऊन आली. घरच्यांना फुलाफुलांचे चिनी मातीचे कप, आम्हाला कागदाचे. डेनाला वाटलं, विसळायचे कष्ट नकोत म्हणून. मला मात्र कळलं. बाहेरच्या माणसाला, म्हणजे त्यांच्या भाषेत 'गाजे' लोकांना, ते आपल्या भांड्यांपासून दूर ठेवतात. आमच्या अमरावतीच्या घरी मागच्या खिडकीत कान तुटलेला एक कप असायचा. मागचं अंगण झाडायला येणाऱ्या बाईंचा. चहा पिऊन त्या तो स्वतः विसळून पालथा घालून जायच्या. त्या रोज यायच्या, आणि मला त्यांचं नाव माहीत नाही. त्या खोलीत कागदी कप हातात धरून मी पहिल्यांदा त्या बाजूला बसले. आणि तरी त्यात बरोबरी नव्हती. या लोकांचा वेगळा कप म्हणजे पिढ्यान्पिढ्या छळ सोसलेल्यांनी स्वतःभोवती घातलेलं कुंपण होतं. आमच्या कपाला असलं कुठलंच कारण नव्हतं.

म्हाताऱ्या आईंना सगळे 'मामी' म्हणत. त्यांच्या भाषेत मामी म्हणजे आजी. मी मामी म्हणायला लागले तेव्हा त्यांना वाटलं मी फार पटकन शिकले, आणि मी तो गैरसमज दोन दिवस तसाच राहू दिला. चौऱ्याऐंशी वर्षांच्या, ठेंगण्या, डोक्याला गच्च रुमाल. शाळेत कधी गेल्या नव्हत्या, सही मात्र ठसठशीत करायच्या. मी त्यांच्या कॉलरखाली माइक लावला आणि नेहमीप्रमाणे सांगितलं, "मामी, हे चालू आहे बरं का. हळू बोललात तरी मला ऐकू येतं." लोक हे पाच मिनिटांत विसरतात.

मामी दोन मिनिटांत विसरल्या. डेना लाइट लावत होती, तेवढ्यात त्या सुनेच्या कानात काहीतरी कुजबुजल्या. ते त्यांच्या भाषेत होतं, मला कळायचं काहीच कारण नव्हतं. पण हेडफोनमध्ये स्वच्छ शब्द आला, "लाको नाक..."

माझा हात आपोआप नाकाकडे गेला. "काय झालं माझ्या नाकाला?"

मामी बघतच राहिल्या. "देव्ला!" त्या म्हणाल्या. हेही मला कळलं. देवा.

मग सुरू झाला तो खेळ डेनाने चित्रित केला नाही, कारण तिचा कॅमेरा अजून स्टँडवर चढलाच नव्हता. मामी कानाला हात लावून म्हणाल्या, "कान." मी म्हटलं, कान. त्यांनी ग्लास दाखवला, "पानी." मी खिडकीकडे बोट दाखवून विचारलं, तर त्या म्हणाल्या, "खाम." मी कपाळ पुसून दाखवलं. घाम? त्या खळखळून हसल्या. नाही, खाम म्हणजे सूर्य. मग बोटं मोजायला लागल्या. येक, दुय, त्रिन, श्तार, पांझ, शोव. मी त्यांच्याबरोबर बोटं मोडत होते, एक, दोन, तीन. सहानंतर त्या म्हणाल्या, एफ्ता, ओख्तो, एन्या. मी अडखळले.

"हे वाटेतले," मामी म्हणाल्या. "ग्रीकांकडून घेतलेले." आणि दहावं बोट वर करून म्हणाल्या, "देश."

दश! लिपी नाही, पुस्तक नाही, देश नाही. सात-आठ-नऊ रस्त्यात सांडले, दुसऱ्यांचे उचलले, पण दहा तसाच हातात धरून ही माणसं डेट्रॉईटपर्यंत आली होती. मी फिजिक्सची बाई. भारावून जाणं माझ्या स्वभावात नाही. पण त्या दिवशी घरी आल्यावर मी श्रीकांतला स्वयंपाकघरात उभं करून दोनदा एक ते दहा म्हणून दाखवलं.

पुढे दोन महिने आम्ही जात राहिलो. मामी बोलायच्या, स्टीव्ह दाराशी हाताची घडी घालून उभा. त्याने तीनदा कॅमेरा बंद करायला लावला आणि तिन्ही वेळा डेनाने केला. ऑक्टोबरातल्या एका दुपारी मामी म्हणाल्या, "आज एक सांगायचंय. स्टीव्ह येऊ दे. त्याच्यासमोरच."

तो वर्कशॉपमधून आला, हात तेलकट. मामींनी त्याला त्यांच्या भाषेत काही सांगितलं आणि तो भडकला. आमच्यासाठी मग इंग्लिशमध्ये म्हणाला, "गेलेल्या माणसांची नावं उगाच घेत नाहीत आमच्यात. गाजे लोकांसमोर तर नाहीच."

गोष्ट अशी होती. मामींची आई युद्धाआधी अमेरिकेत आली, थोरली मावशी तिकडेच राहिली. नाझींनी ज्यूंप्रमाणे रोमा लोकांनाही छावण्यांत नेऊन मारलं. मावशीचं सगळं घर त्यात गेलं. युद्ध संपल्यावर काही वर्षांनी वाचलेला एक नातेवाईक यांच्याकडे आला, टेबलाशी बसला आणि गेलेल्यांची नावं त्याने ओळीने सांगितली. लिहिता कुणालाच येत नव्हतं. मामी तेव्हा लहान मुलगी होत्या. आईने ती नावं त्यांच्याकडून पाठ करून घेतली आणि सांगितलं, वर्षातून एकदा मेणबत्ती लावशील तेव्हा ओठांतल्या ओठांत म्हण. मोठ्याने नाही.

"मी गेल्यावर कोण म्हणेल?" मामींनी स्टीव्हला विचारलं. "तू?"

"तू मला शिकवली नाहीस."

"तुला ओझं नको म्हणून. चुकले. आता ऐक."

स्टीव्ह आत गेला. मग हात धुऊन आला आणि भिंतीला टेकून उभा राहिला. मामींनी रुमाल नीट बांधला, मेणबत्ती लावली. मी बूम धरला. आणि सत्तर-पंच्याहत्तर वर्षांत पहिल्यांदा त्यांनी ती नावं मोठ्याने म्हटली. मारा. तोदोर. लुबा. यांको. एकेक नाव असं ठेवत होत्या, जसं कुणी ताट मांडतं. रडल्या नाहीत. डेना रडत होती, तिचे हुंदके बूममध्ये येऊ नयेत म्हणून मी तिला डोळ्यांनी दटावत होते. संपल्यावर मामी म्हणाल्या, "झालं," आणि मेणबत्ती विझवून सुनेला म्हणाल्या, यांना काहीतरी खायला दे.

हिवाळ्यात डेनाने फिल्म जोडायला घेतली. आवाज स्वच्छ करायचं काम माझं, आमच्या ट्रॉयच्या बेसमेंटमध्ये. पहिला खर्डा तयार झाला आणि फेब्रुवारीत स्टीव्हच्या बायकोचा फोन आला. मामी गेल्या.

आठवड्याभराने स्टीव्ह स्वतः डेनाकडे आला. त्याने आईचे कपडे, भांडी, चष्मा, सगळं घराबाहेर काढलं होतं. फोटो उलटे करून ठेवले होते. वर्षभर घरात गाणं लागणार नव्हतं. "तिचा आवाज कुठेच वाजता कामा नये," तो म्हणाला. "वर्ष होईपर्यंत. नंतरचं नंतर सांगेन."

तो गेल्यावर डेना माझ्याशी भांडली, खरं तर स्वतःशीच. फेस्टिव्हलने फिल्म घेतली होती, ग्रँटची मुदत संपत आली होती. "आपल्याकडे रिलीज आहे, तिची सही आहे," ती म्हणाली. रिलीज म्हणजे 'माझं चित्रण वापरायला हरकत नाही' असा कागद.

"तिची आहे," मी म्हटलं. "ती आता नाही. आणि त्या घरात ती वर्षभर कुणाचीच नाही, फक्त त्यांची आहे."

"आणि वर्षाने तो नाही म्हणाला तर?"

"तर नाही."

डेना खिडकीपाशी जाऊन उभी राहिली. तिथूनच म्हणाली, "मॅडी, तुला माहितीये ना, माझ्या हातून यापेक्षा चांगलं काही होणार नाही?" मला माहीत होतं. माझ्याही हातून होणार नव्हतं. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी गेलो आणि मामींचा आवाज असलेल्या सगळ्या कॉपीज, मूळ रेकॉर्डिंगसकट, एका डब्यात घालून स्टीव्हच्या हातात दिल्या. आमच्याकडे एकही ठेवली नाही. तंत्राच्या दृष्टीने हा शुद्ध वेडेपणा होता. मीच हाताखाली शिकायला येणाऱ्या मुलांना सांगत आले आहे, की एक कॉपी नेहमी वेगळ्या जागी ठेवा.

स्टीव्हने डबा घेतला. घरात नेला नाही, गॅरेजमध्ये वरच्या फळीवर ठेवला. "थँक यू" म्हणाला नाही. फक्त आम्ही गाडीत बसेपर्यंत थंडीत उघड्यावर उभा राहिला.

वर्ष गेलं. एकही फोन नाही. डेनाने दुसरी फिल्म सुरू केली. मग पुढच्या फेब्रुवारीत स्टीव्हचा निरोप आला, वर्षाचं जेवण झालं, डबा घेऊन येतो.

तो ट्रॉयला आमच्या बेसमेंटमध्ये आला. डब्याला मी लावलेली चिकटपट्टी तशीच होती. "आधी मी ऐकेन," तो म्हणाला. मी त्याला माझे हेडफोन दिले, नावांचा भाग लावला आणि स्पीकरही बारीक चालू ठेवला. डेना पायरीवर बसली होती. तो डोळे मिटून ऐकत होता. संपल्यावर त्याने हेडफोन काढले.

"किती झाली?"

"चौदा," मी म्हटलं. पडद्यावर खाली अक्षरांत नावं देताना मी मोजली होती.

"पंधरा आहेत. तुम्ही कुणालातरी काढलंय."

माझं डोकंच फिरलं. मी त्याला मूळ रेकॉर्डिंगची यादी दाखवली. एकही नाव वगळलेलं नव्हतं. चौदाच.

"नावं चौदा," तो म्हणाला. "माणसं पंधरा. साविना सोडली तर मला नावं माहीत नव्हती, पण लहानपणापासून दर वर्षी मेणबत्तीपाशी मी तिच्या शेजारी उभा असायचो. तिच्या ओठांची चाल मला पाठ आहे. साविनानंतर ती थांबायची. मी एकदा विचारलं, इथे का थांबतेस? म्हणाली, साविनाचं बाळ. त्याला नेलं तेव्हा बाप्तिस्मा व्हायचा होता. नाव नाही, म्हणून त्याच्यासाठी थांबायचं."

मला आठवलं. साविनानंतर चार सेकंदं कुणी बोलत नव्हतं, आणि तेवढ्यातच कॉलरच्या माइकमध्ये काहीतरी आपटल्यासारखा आवाज होता. कपडा घासला असेल, असं समजून मी ती चार सेकंदं कापून टाकली होती. इतकी सफाईने, की सांधा कुणाला ऐकू आला नसता. त्या सफाईचा मला अभिमानही वाटला होता.

मी मूळ रेकॉर्डिंग लावलं. आवाज वाढवला. "साविना," मामी म्हणाल्या. मग श्वास. मग थप. थप. थप. अगदी हलक्या हाताने, स्वतःच्या छातीशी, माइकच्या जवळ. तान्ह्या मुलाला झोपवताना थोपटतात तसं. मग पुढचं नाव.

मी दोन मुली थोपटून झोपवल्या आहेत. तो आवाज मी ओळखायला हवा होता. जगात कुणीही ओळखला असता, फक्त ज्या बाईचं काम ऐकणं आहे तिने तो दोष म्हणून काढून टाकला होता. मी स्टीव्हची माफी मागितली. त्याचा तेलाचे डाग पडलेला रुंद पंजा त्याच्याच छातीवर होता आणि त्याला न कळत हलत होता.

"ते परत ठेवा," शेवटी तो म्हणाला. "मग दाखवा. सगळ्यांना दाखवा."

फिल्म आम्ही ॲन आर्बरला, युनिव्हर्सिटीच्या एका हॉलमध्ये पहिल्यांदा दाखवली. स्टीव्ह त्याच्या सगळ्या नातेवाइकांना घेऊन आला, तीन रांगा भरल्या. त्यांनी पहिल्यांदाच कुणाला तरी आपण रोमा आहोत असं उघड सांगितलं होतं. साविनाचं नाव आलं, अक्षरं पुसली गेली, पडद्यावर फक्त मामींचा चेहरा राहिला आणि मोठ्या स्पीकरमधून ते थोपटणं अख्ख्या हॉलभर आलं. तीन रांगांतल्या बायका एकदम पुढे वाकल्या.

नंतर बाहेर लॉबीत साउंड इंजिनिअरिंग करणारी एक पुण्याची मुलगी माझ्याजवळ आली. हुशार होती, कान तयार होता.

"काकू, फिल्म सुपर्ब," ती म्हणाली. "फक्त एक सांगू का? राग मानू नका. नावांच्या सीनमध्ये एका जागी माइकला काहीतरी लागलंय. तुम्ही ते क्लीन नाही केलं?"

"केलं होतं," मी म्हटलं. "मग कळलं, ते बाळ आहे."